दाण्याच्या मागावर : मध्ययुगातला धर्म आणि पोटापाण्याचा व्यवहार



‘मध्ययुगीन युरोप’ हा घटक शिकवताना फळ्यावर बहुतेक वेळा दोन वेगळे मथळे पडतात. एक ‘धार्मिक जीवन’. त्याखाली पोप, चर्च, मठ, धर्मयुद्धं. दुसरा ‘आर्थिक जीवन’. त्याखाली सरंजामशाही, भूदास, कारागिरांच्या श्रेणी, व्यापारी जत्रा. मुलं दोन्ही पाठ करतात आणि परीक्षेत दोन वेगळ्या प्रश्नांत लिहून मोकळी होतात. वर्गात विचारलं की ‘मध्ययुगात लोक धर्माला एवढं महत्त्व का देत होते?’ तर उत्तर ठरलेलं असतं : ‘लोक अडाणी होते, अंधश्रद्धा होती.’

हे उत्तर अर्धवट आहे. त्या काळच्या माणसाच्या आयुष्यात हे दोन कप्पे नव्हतेच. त्याचं धान्य जिथे दळलं जायचं, मुलगा जिथे शिकायचा, वाटसरूला जिथे भाकरी मिळायची, ती जागा पुष्कळदा धर्मस्थानाचीच असायची. मठ, देऊळ, दर्गा या फक्त प्रार्थनेच्या जागा नव्हत्या. गिरणी, कोठार, शाळा, पेढी आणि अन्नछत्र असं सगळं तिथे एकत्र होतं. हे मुलांना कळलं की धर्माला एवढं महत्त्व का होतं, हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

यासाठी युरोपपासून सुरुवात करायची गरजही नाही. आपल्या छत्रपती संभाजीनगरात (औरंगाबादेत) आणि आसपासच्या तालुक्यांत एवढं साहित्य आहे, की आधी इथलं दाखवावं आणि मग युरोपकडे जावं. मी एक सोपी पद्धत सुचवतो : धान्याच्या दाण्यामागे चालत जायचं. तो शेतातून निघाला, कुठे मोजला गेला, कुठे दळला गेला आणि शेवटी कोणाच्या ताटात पडला, हे बघायचं.

१. गिरणी : पाणचक्की आणि सेंट ऑल्बन्सचा मठ

पाणचक्की आपल्या मुलांनी सहलीत पाहिलेली असते. हौद, मोठा वड, उंचावरून पडणारं पाणी, फोटो आणि मग भेळ. पण ती गिरणी तिथे का आहे, हा प्रश्न फार थोडी मुलं विचारतात.

खाम नदीच्या काठावरचं हे ठिकाण म्हणजे बाबा शाह मुसाफिर या नक्शबंदी सूफी संतांचा तकिया. ते मध्य आशियातून, बुखाराच्या परिसरातून इथे आले. त्यांची कबर इथेच आहे. सतराव्या शतकाच्या अखेरीपासून अठराव्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंत इथलं बांधकाम टप्प्याटप्प्याने वाढत गेलं. हर्सूलच्या बाजूचं पाणी जमिनीखालच्या मातीच्या नळांतून इथवर आणलं, उंच भिंतीवर चढवलं आणि तिथून खाली सोडलं. पडणाऱ्या पाण्याच्या जोरावर पाती फिरतात, पात्यांबरोबर दांडा आणि दांड्याबरोबर वरची तळी. ना बैल, ना माणसाचा हात. इथलं पीठ तकियात राहणारे फकीर, शिकणारे विद्यार्थी आणि येणारे-जाणारे यात्रेकरू यांच्या अन्नासाठी वापरलं जायचं.

आता युरोपकडे चला. सहाव्या शतकात संत बेनेडिक्टने मठांसाठी नियम घालून दिले. त्यात असं सांगितलं आहे की मठाच्या आवारातच पाणी, गिरणी, बाग आणि कारागिरीची सोय असावी, म्हणजे साधूंना बाहेर भटकावं लागणार नाही. पाणचक्कीचा नकाशा डोळ्यांसमोर आणा : पाणी, गिरणी, बाग, राहायच्या खोल्या, प्रार्थनेची जागा. धर्म वेगळा, देश वेगळा, मध्ये हजार वर्षांचं अंतर. पण गरज तीच होती, म्हणून मांडणीही बरीचशी तीच झाली.

युरोपात पाण्यावरच्या गिरण्या लवकर पसरल्या. इंग्लंडच्या राजाने १०८६ साली करवसुलीसाठी देशभराची पाहणी करून घेतली, तिला ‘डूम्सडे बुक’ म्हणतात. त्यात सुमारे ६,००० गिरण्यांची नोंद आहे. काही गिरण्या सरदारांच्या, काही मठांच्या. आणि इथे गोष्टीला दुसरं वळण लागतं. कारण गिरणी म्हणजे उत्पन्न. शेतकऱ्याने मालकाच्याच गिरणीत दळायचं आणि दळणावळ म्हणून धान्याचा ठरावीक हिस्सा तिथे ठेवायचा, अशी सक्ती अनेक ठिकाणी होती.

सेंट ऑल्बन्स या इंग्लंडमधल्या गावाची हकिकत मुलांना जरूर सांगा. गाव तिथल्या मोठ्या मठाच्या मालकीचं. लोकांनी घरी जाती ठेवली होती, म्हणजे मठाच्या गिरणीचं उत्पन्न बुडत होतं. १३३० च्या सुमारास मठाधिपती रिचर्ड ऑफ वॉलिंगफर्ड याने लोकांकडून ती जाती काढून घेतली आणि त्यांचे दगड मठातल्या बैठकीच्या जमिनीत फरशीसारखे बसवले. हा रिचर्ड साधा माणूस नव्हता. तो मोठा गणिती होता आणि खगोलशास्त्रीय घड्याळ बनवण्याबद्दल त्याचं नाव आजही घेतलं जातं. विद्वान माणूस, धार्मिक माणूस, आणि तरी बायाबापड्यांची जाती जप्त करणारा माणूस.

पुढे १३८१ साली इंग्लंडमध्ये शेतकऱ्यांचा उठाव झाला, तेव्हा सेंट ऑल्बन्सचे लोक मठात घुसले. त्यांनी सोनं-चांदी शोधण्याआधी ती फरशी उखडली. जात्यांच्या दगडांचे तुकडे केले आणि चर्चमध्ये प्रसादाचा पाव वाटतात तसे आपापसात वाटून घेतले, असं मठाच्याच इतिहासकाराने लिहून ठेवलं आहे. पन्नास वर्षं लोक ते विसरले नव्हते. आणि निषेध करतानाही त्यांना आठवला तो धार्मिक विधीच.

आपल्याकडे आजीच्या घरी जातं असेल तर मुलांना ते ओढायला सांगा. जात्यावरच्या ओव्या ज्या बाईने म्हटल्या, तिच्या हातातलं ते साधन होतं. ते काढून घेतलं तर काय वाटेल, हे मुलांना पुस्तकाविना कळतं.

२. खळं : दशांश आणि बलुतं

आता दाण्याच्या एक पायरी मागे जाऊ. दळण्याआधी धान्य खळ्यावर असतं.

युरोपात शेतकऱ्याच्या उत्पन्नाचा दहावा भाग चर्चचा. याला ‘दशांश’ म्हणू. शार्लमेन राजाने ७७९ साली तो सक्तीचा केला. धान्यच नव्हे, तर कोकरं, लोकर, मध, सगळ्याचा दशांश. तो साठवायला मोठमोठी कोठारं बांधली गेली. त्यातली काही इंग्लंडमध्ये आजही उभी आहेत. त्यातून धर्मगुरूचा निर्वाह, चर्चची डागडुजी आणि गरिबांना मदत व्हावी अशी अपेक्षा होती. प्रत्यक्षात मोठा वाटा पुष्कळदा वरच्यांकडे जायचा.

आपल्याकडे हिशेब वेगळा होता, पण जागा तीच : खळं. सातवीच्या इतिहासात आपण बलुतेदारी शिकवतो. सुतार, लोहार, कुंभार, न्हावी, परीट ही नावं मुलांना येतात. पण यादीत जोशी आणि गुरव यांचीही नावं असतात, आणि कित्येक गावांत मुलाणीही, हे मुलांच्या लक्षात येत नाही. पंचांग सांगणारा, देवळाची पूजाअर्चा करणारा, मशिदीची व्यवस्था बघणारा यांचा मोबदलाही मळणीनंतर खळ्यावरच मिळायचा. नांगर दुरुस्त करणारा सुतार आणि मुहूर्त काढणारा जोशी हे दोघेही एकाच राशीतून आपापला वाटा घेऊन जायचे. गावाच्या दृष्टीने दोघांचंही काम ‘गरजेचं’ होतं.

युरोपचा दशांश एका मोठ्या संस्थेकडे जात होता. बलुतं गावातच वाटलं जात होतं. म्हणून रोममधल्या पोपइतकी मोठी आर्थिक सत्ता आपल्याकडे एका धर्मगुरूच्या हाती एकवटली नाही. तुलनेतला हा फरक वर्गात नीट मांडला पाहिजे, नाहीतर मुलांना वाटेल की सगळीकडे सगळं सारखंच होतं.

देवस्थानाला मात्र जमिनी होत्या. राजा बदलला तरी नवा राजा जुनी इनामं पुष्कळदा चालू ठेवायचा. मंदिराला, मशिदीला, दर्ग्याला, मठाला दिलेली जमीन म्हणजे त्या संस्थेचं कायमचं उत्पन्न. मराठवाड्यात ‘खिदमतमाश’ आणि ‘मदतमाश’ हे शब्द जमिनीच्या वादांत आजही ऐकू येतात. पहिला शब्द धर्मस्थानाच्या सेवेसाठी दिलेल्या जमिनीचा, दुसरा निर्वाहासाठी दिलेल्या जमिनीचा. पालकांपैकी कोणी महसूल खात्यात असतील तर त्यांना अर्ध्या तासासाठी वर्गात बोलवा. मध्ययुग सातबाऱ्यात कसं शिल्लक राहिलंय ते मुलांना समोर दिसेल.

३. शाळा : पाटणचा मठ

कन्नडचा घाट उतरलं की चाळीसगाव. तिथून जवळ पाटणे, पाटणादेवीचं ठिकाण. तिथल्या एका शिलालेखाने गणिताचे आणि इतिहासाचे शिक्षक एकत्र यावेत, इतका तो महत्त्वाचा आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो अभ्यासकांपुढे आणला.

लेख शके ११२८ चा, म्हणजे तेराव्या शतकाच्या अगदी सुरुवातीचा. देवगिरीच्या यादव राजा सिंघणाच्या दरबारात चांगदेव नावाचा ज्योतिषी होता, ‘सिद्धान्तशिरोमणी’ लिहिणाऱ्या भास्कराचार्यांचा नातू. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने पाटणला मठ काढला. त्या मठाला स्थानिक निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने उत्पन्न लावून दिलं. लेखाचा शेवटचा भाग जुन्या मराठीत आहे आणि तो पूर्ण हिशेबी आहे. गावच्या बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर राजाला मिळणारा कर मठाला, तेलाच्या घाण्यांकडून तेल मठाला, अशा नेमणुका त्यात आहेत.

म्हणजे काय झालं? भास्कराचार्यांचं गणित शिकणाऱ्या विद्यार्थ्याच्या समईत जे तेल जळत होतं, ते गावच्या तेल्याच्या घाण्यावरून आलेलं होतं. बाजारात माल घेणाऱ्या गिऱ्हाइकाच्या पैशावर खगोलशास्त्राचा वर्ग चालत होता.

याच सुमारास युरोपात पॅरिस आणि ऑक्सफर्ड इथे विद्यापीठं आकार घेत होती. तिथे शिकवणारे धर्माधिकारीच, आणि त्यांचा निर्वाह बहुतेक चर्चच्या उत्पन्नावर. मठांत हस्तलिखितं नकलून ठेवली गेली म्हणून कितीतरी जुने ग्रंथ वाचले. ‘मध्ययुग म्हणजे अंधारयुग’ हे वाक्य पाठ करून घेण्याआधी ही दोन उदाहरणं समोर ठेवावीत.

४. पैसा : व्याज चालेल का?

आता थोडं जुन्या काळात जाऊ, कारण नाशिकच्या लेण्यांत गणिताचं सुंदर उदाहरण आहे. पांडवलेण्यातल्या लेणे क्र. १० मधला उषवदात याचा लेख. क्षत्रप नहपान याचा हा जावई. त्याने भिक्षुसंघासाठी ३,००० कार्षापण कायम ठेव म्हणून ठेवले. ठेवले कुठे? गोवर्धन इथल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे. २,००० एका श्रेणीकडे शेकडा १ व्याजाने आणि १,००० दुसरीकडे शेकडा पाऊण व्याजाने. मोठ्या ठेवीच्या व्याजातून लेण्यात वर्षावासाला राहणाऱ्या २० भिक्षूंना प्रत्येकी १२ कार्षापण वस्त्रासाठी मिळायचे.

मुलांना आकडेमोड करू द्या. २,००० वर दरमहा शेकडा १, म्हणजे महिन्याला २०. वर्षाला २४०. आणि २० भिक्षू गुणिले १२, तेही २४०. हिशेब चोख जुळतो. म्हणूनच हा दर महिन्याचा होता हे आपल्याला कळतं. धर्मस्थानाची ठेव, विणकरांचं भांडवल आणि भिक्षूचं चीवर, एका दगडावर कोरलेलं.

इथे युरोप वेगळा. चर्चने व्याज घेणं पाप ठरवलं. ११७९ च्या धर्मसभेने उघड व्याजबट्टा करणाऱ्याला ख्रिस्ती दफनही नाकारलं. पण व्यापार तर वाढत होता आणि व्यापाराला कर्ज लागतंच. मग वाटा शोधल्या गेल्या. इटलीच्या पेढ्यांनी आपल्या हुंडीसारखी कागदं काढली. एका गावात पैसे भरायचे, दुसऱ्या गावात वेगळ्या नाण्यात घ्यायचे आणि नाण्यांच्या दरातल्या फरकात नफा लपवायचा. पापाची भीती मात्र खरी होती. पादुआ शहरात एन्रिको स्क्रोवेन्यी या श्रीमंताने प्रार्थनागृह बांधलं आणि जोत्तो या चित्रकाराकडून ते रंगवून घेतलं. १३०५ मध्ये त्याचं पवित्रीकरण झालं. एन्रिकोचा बाप नामांकित सावकार होता, इतका की कवी दान्तेने त्याला आपल्या काव्यात नरकात बसवलं. बापाच्या पापाची फेड म्हणून मुलाने ते बांधलं असं मानलं जातं.

आपल्याकडे तुकोबांची गोष्ट आठवते. देहूला त्यांच्या घरी महाजनकी आणि दुकान. १६३० ते १६३२ चा भीषण दुष्काळ आला. त्यानंतर त्यांनी आपल्या वाट्याची कर्जखतं इंद्रायणीत सोडून दिली, असं परंपरा सांगते. इटलीत असिसीचा संत फ्रान्सिस हाही कापडाच्या श्रीमंत व्यापाऱ्याचा मुलगा. त्यानेही बापाची संपत्ती नाकारली. दोघांना एकमेकांच्या जगाची माहिती असण्याचं कारण नाही. पण दोघांनीही संस्थेला दान देण्याऐवजी दुसराच प्रश्न विचारला : मुळात हा पैसा माझा आहे का?

५. बाजार : जत्रा आणि देव

धर्मस्थानाभोवती माणसं जमतात आणि माणसं जमली की बाजार भरतो. फ्रान्समधल्या शँपेन प्रांतातल्या त्र्वा, प्रोव्हँ अशा गावांत वर्षभर पाळीपाळीने मोठ्या व्यापारी जत्रा भरायच्या. इटलीचा मसाला आणि उत्तरेकडचं लोकरी कापड तिथे हात बदलायचं. त्यांच्या तारखा संतांच्या सणांवरून ओळखल्या जायच्या.

आपल्याला हे नवीन नाही. फाल्गुनात पैठणला नाथषष्ठी, नांदेड जिल्ह्यात माळेगावला खंडोबाची यात्रा आणि तिथला घोड्यांचा, जनावरांचा बाजार. ‘यात्रेला जाऊन बैल घेतला’ असं सहज म्हणणाऱ्या शेतकऱ्याला धर्म आणि अर्थ वेगळे करून दाखवायला सांगा, तो हसेल.

६. आता अवघड प्रश्न : कोणाला मिळालं नाही?

इथपर्यंत चित्र गोड वाटतं. इथेच थांबलो तर आपण मुलांना खोटा इतिहास शिकवला असं होईल. म्हणून दाण्यामागे आणखी थोडं चालू.

दान कुठून आलं? पाणचक्कीच्या तकियाला मदत करणाऱ्यांत मोगल सैन्यातल्या तुराणी सरदारांचा आणि शिपायांचा मोठा भाग होता. शाह मुसाफिर यांच्याच परंपरेतले बाबा पलंगपोश हे गाझीउद्दीन खान फिरोजजंग याच्या फौजेबरोबर फिरत आणि मिळालेली नजर इकडे पोचवत. ही फौज दख्खनच्या लढायांत गुंतलेली होती. म्हणजे तकियात भुकेल्याला मिळणाऱ्या भाकरीचा एक धागा युद्धाच्या पैशापर्यंत जातो. युरोपातल्या मठांना जमिनी देणारे सरदारही लढायाच करत होते आणि आपल्याकडे देवळांना गावं देणारे राजेही. कोणत्याही एका धर्माची ही गोष्ट नाही. दान खरं होतं, भूक खरी होती आणि तो पैसा कोणाकडून तरी घेतलेला होता, हेही खरं होतं.

काम कोणी केलं आणि आत कोणाला घेतलं? बलुतेदारांच्या यादीत महार आणि मांग होते. गावाची राखण, निरोप, दोर, वाजंत्री, सगळं त्यांच्याकडे. पण देवळाची पायरी त्यांना बंद. संत चोखामेळ्यांना जिवंतपणी विठ्ठलाच्या देवळात प्रवेश नव्हता. मंगळवेढ्याला गावकुसाचं काम चालू असताना भिंत कोसळून त्यांचा अंत झाला आणि त्यांची समाधी पंढरपूरला महाद्वारासमोर, पायरीपाशी झाली. ज्या भिंतीने गावाचं रक्षण करायचं तिच्याखाली ते गेले. ते देऊळ सर्वांना खुलं झालं १९४७ मध्ये, साने गुरुजींच्या उपोषणानंतर. मध्ये सहाशे वर्षं गेली.

व्याजही सगळ्यांना सारखं नव्हतं. मनुस्मृतीत वर्णाप्रमाणे शेकडा २, ३, ४ आणि ५ असा दर सांगितला आहे. वर्ण जितका खालचा तितकं व्याज जास्त. युरोपात ज्यूंना जमीन धरायला आणि श्रेणीत शिरायला बहुतेक ठिकाणी मनाई होती. मग जे काम ख्रिस्ती माणसाला पाप, त्या सावकारीकडे त्यांना ढकललं, गरज असेल तोवर त्यांच्याकडून कर्ज घेतलं आणि नंतर त्याच कारणाने त्यांचा द्वेष केला. इंग्लंडच्या राजाने १२९० साली त्यांना देशाबाहेर काढलं.

७. मग बदललं काय?

मध्ययुगात धर्मस्थान जी कामं करत होतं ती यादी फळ्यावर लिहा : भुकेल्याला अन्न, मुलाला शिक्षण, आजाऱ्याची सोय, गरजूला कर्ज, वाटसरूला निवारा. आता त्याच्यासमोर आजची नावं लिहा : रेशन दुकान, शाळा, घाटी दवाखाना, बँक, बसस्थानक. कामं तीच आहेत. मग फरक कुठे?

फरक आहे तो दान आणि हक्क यांत. दानात देणाऱ्याची इच्छा मोठी असते. कोणाला द्यायचं, किती द्यायचं, कोणाला दारातून परत पाठवायचं, हे तो ठरवतो, आणि पुण्यही त्याचंच. हक्कात घेणाऱ्याला मान खाली घालावी लागत नाही.

हा बदल एका दिवसात झाला नाही. इंग्लंडमध्ये आठव्या हेन्रीने १५३६ पासून चारेक वर्षांत सगळे मठ बंद करून त्यांच्या जमिनी ताब्यात घेतल्या. मठाच्या दारात मिळणारी थोडीफार मदतही थांबली. गरिबांचा प्रश्न उघडा पडला आणि १६०१ च्या कायद्याने प्रत्येक पॅरिशमधल्या लोकांकडून गरिबांसाठी कर घेण्याची व्यवस्था पक्की झाली. कर आला तरी मदत घेणाऱ्याला अपमान सोसावाच लागायचा. आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये शाळेत शिजवलेलं जेवण देण्याचा आदेश दिला, २००९ मध्ये शिक्षणहक्क कायदा झाला आणि २०१३ मध्ये अन्नसुरक्षा कायदा.

आपल्या शाळेत दुपारी खिचडीसाठी ताट घेऊन बसणारा मुलगा कोणाचं दान खात नाही, तो त्याच्या हक्काचं जेवण जेवतो. हे त्याला आणि वाढणाऱ्यालाही माहीत असलं पाहिजे. एका पंगतीत, जात-धर्म न विचारता. मध्ययुगाचा धडा शिकवण्याचं यापेक्षा चांगलं कारण मला सुचत नाही. जी पंगत आज आपल्याला साधी वाटते, तिच्यासाठी चोखोबांपासून माणसं थांबली होती.

८. वर्गात कसं घ्यावं?

दोन तासिका आणि एक क्षेत्रभेट पुरते. पाणचक्की, पैठण, पाटणे किंवा गावातलं जुनं देऊळ, दर्गा, चर्च, काहीही चालेल. मुलांचे गट करा आणि प्रत्येक गटाला हेच पाच प्रश्न द्या.

१. इथे काय दिलं गेलं? (जमीन, धान्य, तेल, पैसा, पाणी)
२. ते कोणी दिलं आणि त्याच्याकडे ते कुठून आलं?
३. इथे राबलं कोण?
४. इथे कोणाला अन्न, शिक्षण किंवा आसरा मिळाला?
५. कोणाला मिळाला नाही?

एक पथ्य मात्र पाळा. आपल्या शहरात इतिहास म्हटला की मुलं घरूनच बाजू ठरवून येतात. राजांची नावं आली की वर्गात दोन तट पडतात. हे पाच प्रश्न सगळ्या वास्तूंना सारखेच विचारायचे. देवळाला सोपे आणि दर्ग्याला अवघड, किंवा उलट, असं करायचं नाही. दाण्याला धर्म नसतो. त्याचा हिशेब लावायला बसलं की मुलं भांडण विसरून मोजायला लागतात.

पालकांसाठी घरचा अभ्यास : आजी-आजोबांना विचारा, त्यांच्या लहानपणी खळ्यावरून कोण कोण वाटा न्यायचं आणि दुष्काळात गावाला कोणी खाऊ घातलं. ऐकलेलं मुलांना अर्ध्या पानात लिहू द्या. स्वाध्यायासाठी एकच प्रश्न पुरे : ‘सेंट ऑल्बन्सच्या लोकांनी फरशीच का उखडली?’ याचं उत्तर ज्याला स्वतःच्या शब्दांत लिहिता आलं, त्याला मध्ययुग समजलं असं खुशाल समजा.